कालियाचं पुढे काय झालं? (विजू खोटे आणि एकूणच 'अरे तो नाही का रे तो' नट)

दुपारचा_शो:

लिहू लिहू म्हणत बरेच दिवस गेले. निमित्त 'अंदाज अपना अपना'चं. एप्रिल २०२५ मध्ये तो परत थेटरला लागला तेव्हा भाच्याला घेऊन गेलो होतो, भाचा वय वर्षं १९, त्याला अर्धा सिनेमा मीम्समधून पाठ आहे पण सलग कधी बघितलेला नाही. १९९४ साली आला तेव्हा हा आपटला होता हे त्याला पटेचना, कारण थेटरातली पब्लिक डायलॉग आधी म्हणत होती आणि पडद्यावरचे नंतर. तर रॉबर्ट दिसला आणि मागून कोणीतरी ओरडलं, "अरे कालिया!" सगळे हसले. शेजारी एक आजोबा होते ते बायकोच्या कानात म्हणाले, "शुभा खोटेचा भाऊ." आणि भाचा मला विचारतो, मामा, हे गोलमाल थ्रीमधले काका ना? म्हणजे एका मिनिटात त्या माणसाची तीन बारशी झाली आणि त्यात त्याचं स्वतःचं नाव एकदाही आलं नाही.

विजू खोटे. जन्म १७ डिसेंबर १९४१. घरात सिनेमा पाचवीला पुजलेला. वडील नंदू खोटे मूकपटाच्या जमान्यातले नट, दुर्गा खोटे नात्याने काकू, थोरली बहीण शुभा खोटे, जी १९५५ च्या 'सीमा'पासून सिनेमात आणि त्याच्या आधी पोहण्यात नि सायकलिंगमध्ये चॅम्पियन. अशा घरातल्या धाकट्याने काय करावं, तर छापखाना चालवावा! खरंच, विजू खोटेंचा प्रिंटिंग प्रेस होता. १९६४ च्या 'या मालक'पासून ते अधूनमधून पडद्यावर दिसायला लागले, पण गडी उंच नाही, देखणा वगैरे तर नाहीच, त्यामुळे मिळायचं ते असंच, गुंडाच्या मागे उभं राहणारा गुंड, टेबलापलीकडचा कारकून, दार उघडणारा नोकर.

मग १९७५, 'शोले'. आता हा सीन सगळ्यांनी शंभरदा बघितलाय, पण माझं ऐकून एकदा वेगळ्या पद्धतीने बघा. गब्बर दिसेल तिथे मोबाईलच्या स्क्रीनवर सरळ अंगठा ठेवा आणि फक्त त्या तिघांकडे बघा. रामगढहून मार खाऊन आलेले तीन जण खडकावर उभे आहेत, गब्बर पट्टा घासत फिरतोय, आणि कालियाची मान गब्बर जिकडे जाईल तिकडे वळत नाही, फक्त डोळे वळतात. म्हणजे हलायची पण भीती. मग तीन गोळ्या हवेत, पिस्तुलाची फिरकी, एकाच्या डोक्याला लावलं, खट्, दुसऱ्याच्या, खट्, आणि मग ते जगप्रसिद्ध 'तेरा क्या होगा कालिया'. त्यावर हा मीठ खाल्ल्याची आठवण करून देतो ते वाक्य बघा कसं म्हटलंय. त्यात विनवणी आहे पण भरवसा पण आहे, म्हणजे त्याला अजून वाटतंय की या माणसाशी हिशेबाने बोलता येईल. पुढचं उत्तर ऐकल्यावर त्याचा जो चेहरा पडतो ना, तिथे पहिल्यांदा कळतं की गब्बर काय चीज आहे. आणि नंतर तिघे वाचतात तेव्हा गब्बर हसतो, बाकीचे हसतात आणि सगळ्यात शेवटी हे तिघे हसायला लागतात, आधी घाबरत, मग सुटल्यासारखे खदाखदा. ते हसणं जर खोटं वाटलं असतं (हा विनोद नाहीये) तर पुढच्या तीन गोळ्यांचा दणका बसला नसता. अमजद खान थोर आहेच, पण गब्बर भीतीदायक आहे हे आपल्याला कोणी सांगितलं? कालियाच्या चेहऱ्याने सांगितलं.

या रोलचे त्यांना २५०० रुपये मिळाले असं ठिकठिकाणी छापून आलंय. आणि त्या २५०० रुपयांच्या रोलने पुढची ४४ वर्षं त्यांचा पिच्छा सोडला नाही. हिंदी मराठी मिळून ३०० च्या वर सिनेमे केले, 'कर्ज', 'कुर्बानी'पासून 'अतिथि तुम कब जाओगे'पर्यंत, टीव्ही केला, आणि ३० सप्टेंबर २०१९ ला गावदेवीच्या घरी झोपेतच गेले तेव्हा सगळ्या बातम्यांची हेडलाईन काय? शोलेचा कालिया गेला.

तर प्रश्न असा की हे नशीब म्हणायचं की अडकणं? मला स्वतःला अजून ठरवता येत नाहीये म्हणून धागा काढला.

चिंगी७१:

मस्त लिहिलंय! अंगठा ठेवून आत्ताच बघितलं, खरंच की. ते डोळे फिरवणं इतक्या वर्षांत कधी दिसलंच नव्हतं.

आमच्याकडे शोले आधी कानाने आला. गणपतीत मंडळाच्या कर्ण्यावर गाणी कमी आणि शोलेचे डायलॉग जास्त, पॉलिडोरने डायलॉगचीच रेकॉर्ड काढली होती ना, मग पुढे कॅसेट आली. आम्ही पोरं आरतीच्या आधी मांडवात बसून अख्खा सीन म्हणायचो, गब्बर व्हायला मारामारी, सांभा व्हायला एखादा टाकीवर चढलेलाच असायचा आणि कालिया कोण तर जो सगळ्यात लहान आणि गरीब तो. मी मुलगी म्हणून मला बसंती व्हायला सांगायचे, मी पण हट्टाने कालियाच व्हायचे कारण मरायला मिळायचं. सिनेमा बघितला ते फार नंतर व्हिडिओवर, आणि कालिया असा गोल चेहऱ्याचा, आपल्या बँकेतल्या कॅशियरसारखा दिसतो बघून मला चक्क वाईट वाटलं होतं, मी मनात कोणीतरी हाडकुळा काळा माणूस बनवला होता.

टेक्निकल_बाबुराव:

लेख चांगला आहे पण जरा अति होतंय का? चार वाक्यांचा रोल आहे हो. त्या वाक्यांना सलीम-जावेदनी लिहिलंय, रमेश सिप्पीने बसवलंय, समोर अमजद खान आहे, एवढ्या सगळ्यात कोणीही उभा केला असता तरी सीन चाललाच असता. आपण मराठी माणूस म्हणून जास्तच कौतुक करतोय असं वाटतं. (स्पष्ट मत, राग नसावा.)

दुपारचा_शो:

राग कशाला. पण बाबुराव, "कोणीही" उभा केला असता म्हणता तर तिथे तिघे उभे होते की! बाकीच्या दोघांना पण तेच लेखक, तोच डायरेक्टर, तोच गब्बर आणि तेच पिस्तूल मिळालं. ते दोघे पण मेले, आणि एकाच सेकंदात मेले. त्यांची नावं सांगा बरं.

टेक्निकल_बाबुराव:

बरोबर, पण हा तर माझाच मुद्दा झाला ना. नावं आठवत नाहीत कारण गब्बर त्यांची नावं घेत नाही! 'तेरा क्या होगा' च्या पुढे लेखकाने कालिया लिहिलं म्हणून कालिया अमर झाला, नाहीतर खोटे पण 'डाकू नंबर ३'.

दुपारचा_शो:

हे मान्य. हे मी लिहायला पाहिजे होतं आणि तुम्ही लिहिलंत.

शेंगदाणा_चटणी:

शोलेत नावांची खैरात आहे, सूरमा भोपाली, हरिराम न्हावी, इमाम चाचा, मौसी, धन्नो सुद्धा. घोडीला नाव आहे पण त्या दोन डाकूंना नाही, बहुत नाइन्साफी!

आणि सूरमा भोपालीवर तर जगदीपने पुढे १९८८ मध्ये अख्खा सिनेमा काढला. कालियावर पण निघायला पाहिजे होता, पण तो मेलेला ना.

कट्टेकरी:

अवांतर: तिघेही वाचण्याची शक्यता किती याचा कोणी विचार केलाय का? सहा घरं, तीन गोळ्या शिल्लक. पहिल्या तीन वेळा रिकामी घरं यायची म्हणजे २० पैकी १. गब्बर उगाच हसत नाही.

टेक्निकल_बाबुराव:

२० पैकी १ कधी, जेव्हा गोळ्या कुठल्याही घरात विखुरलेल्या असतील तेव्हा. त्याने हवेत तीन गोळ्या लागोपाठ उडवल्यात, म्हणजे रिकामी घरं एकाला लागून एक आहेत. मग फिरकी दिली. आता सहापैकी एकाच ठिकाणी थांबली तर लागोपाठ तीन खट् येणार. म्हणजे ६ पैकी १. फाशाला एकदा सहा पडण्याइतकी शक्यता, काही चमत्कार नाही.

कट्टेकरी:

_/\_ ५० वर्षं झाली सिनेमाला, आज कळलं.

आज्जीचा_चष्मा:

पोरांनो, गणित बाजूला ठेवा आणि 'ज़बान संभाल के' आठवा. १९९३ मध्ये दूरदर्शनच्या मेट्रो चॅनेलवर लागायची. मूळ कल्पना इंग्रजी 'माइंड युवर लँग्वेज'ची पण आपल्याकडे उलटी केलेली, पंकज कपूर हिंदी शिकवणारा मास्तर आणि वर्गात देशभरातले नि परदेशातले विद्यार्थी. टॉम ऑल्टर त्यात हिंदी न येणारा इंग्रज, प्रत्यक्षात त्याचं हिंदी-उर्दू वर्गातल्या सगळ्यांपेक्षा चांगलं! आणि विजू खोटे विठ्ठल बापूराव पोटे. गंमत अशी की त्या संस्थेच्या मुख्याध्यापिका शुभा खोटे. म्हणजे घरातली थोरली बहीण तिथेही डोक्यावरच.

आमचे हे तेव्हा बदलीवर भोपाळला होते. कॉलनीत मराठी घर आमचं एकटंच, आणि पोटे आले की शेजारच्या शर्मीण बाई भिंतीवर थाप मारून बोलवायच्या, "भाभीजी, आपके वाले आ गए." मला आधी राग यायचा की आपल्या माणसाचं हिंदी असं का दाखवतात, मेरेको तेरेको. मग लक्षात आलं की मी भाजीवाल्याशी अगदी पोटेंसारखीच बोलते. नंतर राग गेला. पोटे गडबडायचा पण लाचार नव्हता, चुकीचं हिंदी पूर्ण आत्मविश्वासाने फेकायचा, ते जे काही आहे ना ते नुसत्या नकलेने येत नाही.

परदेशी_पाहुणा:

आज्जी, +१०० पण मला हे नेहमीच खटकतं. हिंदीवाल्यांना मराठी नट पाहिजे तो कशासाठी, तर हवालदार, मोलकरीण आणि गुंडाचा पंटर. पांडू नाहीतर गंगूबाई. आमच्या इथे न्यू जर्सीत मुलाचे मित्र सगळे हिंदी-पंजाबी-गुजराती, त्यांच्या डोक्यात मराठी माणूस म्हणजे डोक्यावर टोपी घालून "क्या रे" म्हणणारा. खोटेंसारख्या माणसाला, ज्याच्या घरात दुर्गाबाई होत्या, जन्मभर पंटर करत ठेवला याचं कौतुक नाही, चीड यायला पाहिजे.

शेंगदाणा_चटणी:

टाइपकास्ट काय फक्त मराठी माणसाला करतात का? जगदीश राज आठवा, अनिता राजचे वडील. १४४ सिनेमांत पोलीस! गिनीज बुकात नाव आहे. बिचाऱ्यांना युनिफॉर्म घरचाच असेल. ते पंजाबी होते.

आणि मराठीत आपणच काय वेगळं करतो? 'अशी ही बनवाबनवी' (१९८८) मधला बळी कोण सांगा बरं चटकन. विजू खोटेच! त्या सिनेमाची पाठांतर परीक्षा घेतली तर आख्खा महाराष्ट्र पहिल्या वर्गात पास होईल, पण बळी कोणाला आठवत नाही कारण अशोक सराफ, लक्ष्या, सचिन, सुधीर जोशी एवढे सगळे भाव खाऊन गेल्यावर उरतं काय. आपल्या माणसाला आपणही कालियाच म्हणतो.

कट्टेकरी:

अंदाज अपना अपना मध्ये मला रॉबर्टपेक्षा भल्ला जास्त आवडतो. ते अजितच होते ना? काय आवाज.

चिंगी७१:

नाही हो, तो शहजाद खान, अजितचा मुलगा. वडिलांची ढब उचललीय. दोघे मिळून भारी आहेत पण, एक घोगरा नि संथ आणि दुसरा कायम गोंधळलेला. तेजाचे छुपे हस्तक, राहतात मुलींच्या घरात आणि प्रत्येक कट स्वतःच्या हाताने घालवतात. त्यात रॉबर्टचं ते 'गलती से मिस्टेक'. एवढं हिट झालं की २०१७ च्या 'जग्गा जासूस'मध्ये त्या शब्दांवर गाणं आलं. मला ते वाक्य आवडायचं कारण हे की तो ते विनोद करतोय म्हणून म्हणतच नाही. अगदी मनापासून माफी मागतो. ऑफिसात माझा ज्युनियर चुकीच्या क्लायंटला मेल पाठवून असाच उभा होता परवा.

सातचा_कॉल:

नमस्कार. बरीच वर्षं नुसता वाचतोय, आज पहिल्यांदा लिहितो, चुकलं तर सांभाळून घ्या. मी याच लायनीत आहे. म्हणजे तुम्ही मला बघितलेलं आहे नक्की, पण सांगता येणार नाही कुठे. काका, मामा, हेडमास्तर, रजिस्टर ऑफिसमधला साक्षीदार, देवळातले गुरुजी. एकदा डॉक्टर होतो, "आय अ‍ॅम सॉरी" एवढं बोलून चष्मा काढायचा.

वर अडकणं की नशीब चाललंय त्याबद्दल सांगतो, आमच्यात कोणी अडकायला मिळालं तर पेढे वाटतो. आमचं पैशाचं गणित दिवसावर आहे. पर डे. शिफ्ट बारा तासांची, सातचा कॉल म्हणजे सातला मेकअपला बसायचं, त्यासाठी कर्जतहून मी पहाटेची लोकल धरतो कारण सेट असतो मढला नाहीतर नायगावला नाहीतर मीरा रोडच्या पुढे कुठेतरी. पोचलो की दुपारी तीनपर्यंत बसायचं. खुर्ची मिळाली तर. आपला सीन लागतो तेव्हा आठ जण दिवाणखान्यात उभे, आधी मास्टर शॉट, मग हिरोईनचा क्लोज, सासूचा क्लोज, आणि शेवटी लाईट जायला आलेला असताना "काका, तुमची एक रिअ‍ॅक्शन घेऊन टाकू, इकडे बघा, आता इकडे, हां, दुःख, ओके थँक्यू". समोर कोणी नसतं. असिस्टंटच्या हातातल्या पॅडकडे बघून दुःखी व्हायचं. आणि त्या दिवसाचा चेक येतो ९० दिवसांनी, आला तर.

त्यामुळे धागाकर्त्याने ते डोळ्यांचं जे लिहिलंय ते वाचून मी लोकलमध्ये उतरायचं विसरलो. आम्हाला कोणी शिकवत नाही पण हळूहळू कळतं की बोलणाऱ्याला कॅमेरा असतो, ऐकणाऱ्याला फक्त संधी असते, एडिटरला कट करायला काहीतरी लागतं आणि तो त्याच्याकडेच जातो जो खरंच ऐकत असतो. म्हणून मी समोरचं वाक्य पाठ असलं तरी परत ऐकतो. जास्त काही केलं की मात्र गेलात. मी एकदा साखरपुड्याच्या सीनला मागे उभा राहून हळूच डोळे पुसले, छान जमलं होतं. डायरेक्टरने कट म्हटलं आणि म्हणाला, काका, सगळी आपल्याकडे बघतायत. रिटेक.

आज्जीचा_चष्मा:

किती छान लिहिलंत हो. लिहीत जा इथे. आणि त्या चेकचं काय म्हणालात, आला तर म्हणजे?

सातचा_कॉल:

आज्जी, नाव नाही घेत कोणाचं, त्याच माणसाकडे परत काम मागायला जायचं असतं. एक मजेशीर सांगतो त्यापेक्षा. एका सिरियलमध्ये मी हिरोईनचा बाप होतो. पाच महिने चाललं, जरा बरे दिवस आले, सोसायटीत लोक लिफ्ट थांबवून धरायला लागले. एके दिवशी प्रॉडक्शनच्या मुलाने बोलावलं, काका, फोटो काढायचाय, हसरा द्या. मला वाटलं पोस्टरबिस्टर असेल, मी घरून चांगला नेहरू शर्ट घेऊन गेलो. फोटो काढला. दोन आठवड्यांनी सेटवर गेलो तर भिंतीवर माझा तोच फोटो आणि त्याला चंदनाचा हार! आर्ट डिपार्टमेंटने सीनच्या आधी लावून ठेवला होता आणि मला सांगायचं राहून गेलं होतं. ट्रॅक संपला. अपघात.

पुढचे आठ महिने माझा फोटो रोज त्या सिरियलमध्ये होता. हिरोईन रोज माझ्यासमोर उभी राहून रडायची, माझ्याशी बोलायची, मला जिवंतपणी जेवढे क्लोजअप मिळाले नाहीत तेवढे फोटोला मिळाले. पैसे शून्य, कारण फोटोला पर डे नसतो. गावाहून मावशीचा फोन, अरे तू रोज दिसतोस, चांगलं चाललंय ना! काय सांगणार, म्हटलं हो, रोज असतो.

शेंगदाणा_चटणी:

आई शप्पथ!!! हसू की रडू. फोटोला पर डे नसतो, हे वाक्य फ्रेम करून लावणारे मी. हार न घालता.

परदेशी_पाहुणा:

मी माझी चीड मागे घेत नाही पण आता ती दुसऱ्या गोष्टीवर गेलीय. या सगळ्यांना पेन्शन, विमा असं काही असतं का? ए. के. हंगल आठवले, शोलेमधलेच इमाम चाचा. पन्नाशीच्या आसपास सिनेमात आले, त्याआधी शिंपीकाम, स्वातंत्र्यलढा, इप्टाची नाटकं. इतकं काम करून २०११ मध्ये औषधपाण्याला पैसे नाहीत अशी बातमी आली आणि मग इंडस्ट्रीतल्या लोकांनी मदत केली. पुढच्या वर्षी गेले. अख्ख्या देशाला 'इतना सन्नाटा' म्हणून माहीत असलेला माणूस.

सातचा_कॉल:

सिंटा म्हणून नटांची संघटना आहे, कार्ड असतं, पैसे बुडाले तर तक्रार करता येते, अडीअडचणीला मदत पण करतात. पण रोजच्या कामावर पगार नाही, पीएफ नाही, सुट्टी नाही. माझी बायको शाळेत आहे म्हणून मी नट आहे. विजू खोटेंचा छापखाना वाचून म्हणूनच बरं वाटलं. बाहेरच्यांना वाटतं छापखान्यातून सिनेमात आला म्हणजे सुटला, आम्हाला वाटतं, वा, पाठीशी छापखाना होता.

टेक्निकल_बाबुराव:

सातचा_कॉल, तुमच्यामुळे माझं "कोणीही उभा केला असता" मागे घेतो. बाकी सांभाला पण धाग्यात जागा द्या. मॅकमोहनला एवढ्या मोठ्या सिनेमात एकच वाक्य. पूरे पचास हजार. बाकी एडिटमध्ये गेलं.

कट्टेकरी:

दोन! पत्ते खेळताना 'चल बे जंगा' पण सांभाचंच आहे. बाबुराव, गणितात तुम्ही, सांभात मी.

टेक्निकल_बाबुराव:

मान्य. १-१.

चिंगी७१:

मला मूळ प्रश्नावर एक वाटतं. खोटे काही कालिया म्हटल्यावर तोंड फिरवून निघून जाणाऱ्यातले नव्हते. घोड्यावरून पडल्याचे, बंगळूरजवळ रामनगरच्या उन्हात शूटिंग केल्याचे किस्से तेच रंगवून सांगायचे. म्हातारपणी बहीणभाऊ दोघं एकत्र मुलाखतींना बसायचे तेव्हा शुभाताई त्यांना मध्येच तोडायच्या आणि ते चूप बसून ऐकायचे, अगदी वर सातचा_कॉलनी लिहिलंय तसं, खरंच ऐकत. अडकलेला माणूस असा दिसत नाही. चिडका दिसतो.

दुपारचा_शो:

चिंगी, हे पटतंय. तरी मला राहून राहून वाटतं की ३०० सिनेमांत एखादा तरी असा असायला हवा होता जिथे शेवटपर्यंत ते जिवंत राहतात, सीनच्या मध्यभागी उभे आहेत, आणि बाकीचे रिअ‍ॅक्शन देतायत. छोट्या छोट्या जागा आहेत, 'व्हेंटिलेटर'सारख्या गर्दीच्या सिनेमात पण माणूस आपली खुर्ची धरून बसलेला दिसतो. पण आख्खा सिनेमा असा नाही. हे दुःख माझं आहे, त्यांचं होतं की नाही मला कुठे दिसलं नाही.

काल भाच्याला शोलेचा तो सीन अंगठा ठेवून दाखवला. त्याने शांतपणे बघितला आणि विचारलं, मामा, मग त्या दुसऱ्या दोघांना काय वाटलं असेल घरी गेल्यावर? मी म्हटलं, जेवले असतील.

सातचा_कॉल:

जेवले असतील आणि घरी सांगितलं असेल, मोठा सिनेमा आहे, मी आहे त्यात.

बरं, उद्या सातचा कॉल आहे परत, चार दिवसांचं काम, कॉलेजच्या गेटवरचा वॉचमन. हिरोला पहिल्या दिवशी अडवायचं आणि शेवटच्या दिवशी सलाम करायचा. कोऑर्डिनेटरला विचारलं कॅरॅक्टरचं नाव काय, म्हणाला नाव नाहीये काका, वॉचमनच. धागा वाचल्यापासून डोक्यात तेच चाललंय.

दुपारचा_शो:

नाव मागून घ्या!! आणि हिरोच्या तोंडी एकदा टाकायला सांगा, काही करून.

शेंगदाणा_चटणी:

'पुरुषोत्तम' ठेवा. आमच्या काकांचं नाव आहे, वॉचमनला शोभतं.

सातचा_कॉल:

पुरुषोत्तम हिरोला म्हणता येणार नाही, तो लहानपणापासून दुबईला होता. 'बंडू' सांगून बघतो. छोटं आहे, एडिटमध्ये उडवायला पण कंटाळतील.